दुसरी वाट

चि. भाचेराव यांस,


ओव्हरमन झालास, पेढे पोहोचले. ताईने फोनवर कौतुकाने सांगितलं आणि त्याच दमात म्हणाली, “पण घोर लागतो रे.” दिवाळीत तू सहज बोलून गेलास, की खाणीतून वर यायच्या दुसऱ्या वाटेने कुणी फिरकत नाही, तरी तिची डागडुजी करत बसावं लागतं, नुसता भुर्दंड. जेवताना वाद नको म्हणून मी गप्प बसलो. आता तुझ्या हाताखाली माणसं आली आहेत, म्हणून एका गावाची हकिकत लिहितो.

इंग्लंडच्या ईशान्येला, नॉर्थम्बरलंडमध्ये, समुद्राजवळ न्यू हार्टले नावाचं लहानसं गाव आहे. जवळची जुनी खाण पाण्याने बुडाली, म्हणून १८४५ च्या सुमारास ‘हेस्टर पिट’ हा नवा शाफ्ट खोदायला घेतला आणि त्याच्याभोवती कामगारांच्या घरांच्या रांगा उठल्या. त्या भागात घर खाणमालकाचंच असायचं, कामाबरोबर मिळायचं. बाप खाणीत, थोरला खाणीत आणि दहा-बारा वर्षांचा धाकटाही खाणीतच.

शाफ्ट मात्र एकच. रुंदी सुमारे १२ फूट, खोली सुमारे ६०० फूट. मधोमध वरपासून खालपर्यंत लाकडी फळ्यांचा उभा पडदा: एका बाजूने ताजी हवा उतरायची, दुसरीकडून खालच्या भट्टीने तापलेली वर निघायची. माणसं, कोळसा, पंपाचे नळ, सगळी ये-जा त्याच भोकातून. पाणी इतकं, की ते उपसायला तोंडाशी वाफेचं अवाढव्य इंजिन बसवलं होतं. त्याची ओतीव लोखंडाची तुळई ४२ टनांची होती आणि तिचं एक टोक थेट शाफ्टवर वरखाली व्हायचं.

१६ जानेवारी १८६२, गुरुवार, सकाळचे साडेदहा. पाळी बदलत होती. नव्या पाळीने कोळशाच्या तोंडापर्यंत जाऊन जुनीला मोकळं करायचं, अशी तिथली रीत. काही जण वर पोहोचले होते, पण जवळजवळ दोन्ही पाळ्या खाली होत्या. तेवढ्यात तुळई मोडली. तिचा वीस टनांचा तुकडा शाफ्टमध्ये कोसळला आणि फळ्या, नळ, दगडमाती सोबत घेत मध्येच घट्ट अडकला. वर येणाऱ्या केजमध्ये आठ जण होते, त्यांतले पाच गेले. पंप बंद पडल्यावर तळात पाणी चढू लागलं, तशी आतली माणसं शिडीने वरच्या थरात आली. तिथून पुढे वाटच नव्हती.

शाफ्ट खोदण्यात मुरलेला विल्यम कूलसन आपली माणसं घेऊन धावला. दोराला लटकून, एकेक लाकूड सोडवत रात्रंदिवस काम चाललं. पण वारा खेळायची वाटही बुजली होती, आणि विषारी वायूने वाचवायला आलेलेच घेरी येऊन पडू लागले. आत पोहोचायला २२ तारीख उजाडली. माणसं ओळीने पडलेली होती. कित्येक मुलं बापाला टेकून होती. जेम्स एमोर नावाच्या ओव्हरमनजवळ टिपणवही सापडली. शुक्रवारी दुपारी पावणेदोनला सगळे प्रार्थनेला बसल्याचं आणि काही जण फार आजारी झाल्याचं त्याने वेळेसकट लिहून ठेवलं होतं. तुझ्याच हुद्द्याचा माणूस. शेवटपर्यंत नोंद ठेवत होता.

एकूण २०४ माणसं आणि मुलं गेली. दफनासाठी जवळच्या अर्स्डन गावच्या चर्चचं आवार पुरेना, तेव्हा नॉर्थम्बरलंडच्या ड्यूकने लागून असलेली जमीन दिली. महिन्याभरापूर्वीच विधवा झालेल्या व्हिक्टोरिया राणीने गावातल्या बायकांना सांत्वनाचा निरोप धाडला. अर्स्डनला आज स्मारकस्तंभ आहे, त्यावर नावांपुढे वयंही कोरली आहेत.

दुसरा शाफ्ट का नव्हता? पाणथळ खडकातून शेकडो फूट खाली जायचं म्हणजे पैसा ओतावा लागतो, आणि एकाने भागत होतं. तुळई मोडणं हा अपघात म्हणू. पण माणसं कोंडली गेली ती हिशेबापायी. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ब्रिटिश संसदेने कायदा केला: प्रत्येक कोळसा खाणीला वर यायच्या किमान दोन वाटा हव्यात, आणि जुन्या खाणींनाही १८६५ सालापासून तेच बंधन. आपल्याकडच्या कोळसा खाणींच्या नियमांतही दोन वाटांची अट आहे. वेस्टर्न कोलफील्ड्सच्या तुमच्या भूमिगत खाणीलाही ती लागू आहेच.

तेव्हा कुणी भुर्दंड म्हणालं तर म्हणू दे, तू म्हणू नकोस. कुणीच वापरत नाही, म्हणजे अजून गरज पडलेली नाही, एवढाच त्याचा अर्थ. नव्याने भरती झालेल्या पोराला पहिल्याच आठवड्यात त्या वाटेने एकदा चालत वर आण. दमला, कुरकुरला तरी आण. आणि त्या वाटेच्या तपासणीच्या रजिस्टरवर सही करशील ती स्वतः चालून आल्यावरच.

हे पत्र ताईला दाखवू नकोस, आधीच तिला झोप नाही. पगार झाला की तिला चष्मा बदलून दे.

तुझा,
मामा