बारमाही ऊस

'लपाछपी' हा विशाल फुरिया यांचा २०१७चा भयपट. त्यातल्या भुतांपेक्षा मला धास्ती वाटली ती नेहाच्या नवऱ्याची. कर्ज फिटत नाही म्हणून तो गरोदर नेहाला घेऊन उसातल्या एकट्या घरात लपायला येतो. तिला तिथं काहीतरी दिसतं, ऐकू येतं. तो तिचं ऐकूनच घेत नाही.

अमेरिकन 'न्वार' सिनेमांत ही भीती शहरातली, रात्रीची असते. बिली वाइल्डरच्या 'डबल इन्डेम्निटी'त (१९४४) खिडकीच्या पट्ट्यांतून आलेला उजेड माणसांच्या अंगावर गजांसारख्या सावल्या पाडतो. दोघं एकमेकांच्या मिठीत असतात, पण भरवसा कुणाचाच कुणावर नसतो. 'लपाछपी'त त्या पट्ट्यांचं काम ऊस करतो, तेही भर दुपारी.

आमच्या ढोकीकडं हा ऊस रोजचाच. दहा-बारा फूट वाढला की सरीत दोन हातांवरचं माणूस दिसत नाही. पाचट वाजतं, पण कोण आलं ते कळत नाही. उभ्या उसात बायका एकट्या जात नाहीत. विचारलं तर साप, रानडुकरं अशी कारणं सांगतात. खरं कारण सगळ्यांना ठाऊक असतं. नेहा तर त्या उसात नवऱ्याच्याच भरवशावर आलेली.

तोड झाली की रान मोकळं होतं, लांबचा रस्ता दिसायला लागतो. 'तुझ्या मनाचे खेळ आहेत' असं घरात रोज ऐकणाऱ्या बाईभोवती मात्र ऊस बारा महिने उभाच असतो.