समुद्रातलं गोड पाणी

मुलांनो, आपल्या संभाजीनगरहून समुद्र किती लांब आहे, ठाऊक आहे? रात्रभर एसटीत बसलं तरी लाटांचा आवाज कानी पडत नाही. आमच्या वर्गातल्या बहुतेकांनी समुद्र पाहिलाय तो फक्त चित्रात, नाहीतर टीव्हीवर. गेल्या उन्हाळ्यात चौथीतल्या एका मुलीनं विचारलं, "बाई, पृथ्वीवर एवढं पाणी आहे, मग आमच्या गल्लीत टँकर का येतो?"

"अगं, समुद्राचं पाणी खारट असतं," असं म्हणून मी वेळ मारून नेली. तिचं समाधान झालं नाही. खरं सांगू? माझंही झालं नाही.

दिवाळीच्या सुट्टीत आम्ही मुरूडला गेलो. रायगड जिल्ह्यातलं हे समुद्रकाठचं छोटंसं शहर. रात्री पुण्याची गाडी पकडली, तिथून अलिबाग आणि पुढं पन्नासेक किलोमीटर. माझा दहा वर्षांचा मुलगा खिडकी सोडेना. समुद्र दिसताच तो ओरडला, "आई, नाथसागर!" गाडीतले लोक हसले. पण त्याचं तरी काय चुकलं? पैठणच्या धरणापेक्षा मोठं पाणी त्यानं कधी पाहिलंच नव्हतं!

मुरूड म्हणजे नारळ-सुपारीच्या वाड्या, उतरत्या कौलांची घरं आणि सकाळी मासळीच्या टोपल्या घेऊन लगबगीनं निघालेल्या कोळणी. किनाऱ्यावर उभं राहिलं की समोर पाण्यात शिवाजी महाराजांनी बांधलेला पद्मदुर्ग दिसतो. आम्हाला मात्र जायचं होतं जंजिऱ्याला. 'जझीरा' म्हणजे अरबी भाषेत बेट. त्याचाच झाला जंजिरा.

जवळच्या राजपुरी गावातून शिडाच्या होडीत बसलो. वारा शिडात भरला आणि होडी एका बाजूला कलली. मी मुलाचा हात घट्ट धरला. नाखवा हसून म्हणाला, "बाई, घाबरू नका, दर्या आज शांत आहे." किल्ला जवळ आला तरी दरवाजा कुठं दिसेना. अगदी तटाजवळ गेल्यावर तो एकदम समोर उभा राहिला! आत शिरताना भिंतीवर वाघासारखा एक प्राणी कोरलाय. त्यानं पंजात चक्क हत्ती पकडलेत. तटावर कलालबांगडी नावाची भलीमोठी तोफ आहे.

हा किल्ला सिद्द्यांचा. तो जिंकायला संभाजी महाराजांनी १६८२ साली समुद्रात दगड टाकून रस्ता बांधायला घेतला होता. पण मोगल फौज कोकणात उतरली आणि काम अर्धवट राहिलं. ज्यांचं नाव आज आपल्या शहराला आहे, तेच हे संभाजी महाराज. पुढं १९४८ साली जंजिरा संस्थान भारतात विलीन झालं.

किल्ल्याच्या मधोमध पोचलो आणि मी थबकलेच. समोर दगडांनी बांधलेला मोठा तलाव! असे दोन तलाव आत आहेत, आणि दोन्ही गोड्या पाण्याचे. चारी बाजूंनी खारा समुद्र, मग हे पाणी आलं कुठून?

त्याचं उत्तर आभाळात आहे. एक लिटर समुद्राच्या पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात. ऊन पडलं की पाण्याची वाफ होते, क्षार मात्र मागेच राहतात. त्या वाफेचे ढग होतात आणि गोडं पाणी होऊन बरसतात. म्हणजे समुद्रच पाऊस होऊन आपल्याकडे येतो! कोकणात तो तीन हजार मिलिमीटरच्या घरात पडतो. सह्याद्री ओलांडून आपल्याकडे पोचेपर्यंत ढगांत थोडंच पाणी उरतं. आपला वर्षाचा पाऊस सुमारे सातशे मिलिमीटर. जंजिऱ्याच्या लोकांनी आपल्या वाट्याचा पाऊस दगडात साठवला, म्हणून वेढा पडला तरी त्यांना पाण्यासाठी बाहेर जावं लागलं नाही.

सिद्दी मूळचे आफ्रिकेतले. मलिक अंबरही तिकडचाच, आजच्या इथिओपियातला. लहानपणी गुलाम म्हणून विकला गेलेला हा मुलगा पुढं निजामशाहीचा वजीर झाला. १६१० साली त्यानं खडकी वसवली, तेच आपलं शहर. डोंगरातलं पाणी खापराच्या नळांतून त्यानं शहरात आणलं. त्या नळांना म्हणतात नहर-ए-अंबरी.

तलावाचं पाणी आता हिरवट झालंय. त्यावर दोन-तीन प्लॅस्टिकच्या बाटल्या तरंगत होत्या. कुणीतरी बाटलीतलं पाणी पिऊन तलावात टाकलेल्या! मुलगा म्हणाला, "आई, त्यांना हे पाणी प्यायचं नव्हतं म्हणून टाकल्या असतील." मला काही बोलता आलं नाही.

परतताना मी बाटलीभर समुद्राचं पाणी आणलं. वर्गात ते ताटात ओतून शाळेच्या गच्चीवर ठेवलं. काही दिवसांनी ताटात पांढरा थर तेवढा उरला. तीच मुलगी बोटानं चाखून म्हणाली, "खारट! मग बाई, गोडं पाणी गेलं कुठं?"

मी वर आभाळाकडे बोट दाखवलं. ती बराच वेळ वर बघत राहिली. मग म्हणाली, "आमच्या वाड्यात एक आड आहे. आजोबांनी फरशीनं बुजवलाय. उघडायला सांगू?"

मुलांनो, तुमच्या आजोबांनाही विचारा. तुमच्या घराजवळचा आड कुठं आहे?