नॉर्थ पोलचा सांगावा

लेकीचं बाळंतपण करायला मी अलास्कातल्या फेअरबँक्सला गेले, त्याला आता काही वर्षं झाली. ऑगस्टच्या शेवटी पोचले. निघताना बेळगावात सगळ्यांना एकच काळजी, ‘तिथं सूर्यास्ताआधी जेवायचं कसं जमणार गं तुला?’ जावई हसून म्हणाले, “मामी, जूनमध्ये आला असता तर रात्री बारा वाजता जेवूनही नियम मोडला नसता.” खरंच आहे. जूनच्या शेवटी तिथं सूर्य मध्यरात्रीनंतर मावळतो आणि डिसेंबरात दिवस चार तासांचाही नसतो. मी गेले तेव्हा मात्र दिवस झरझर आखडत होते. बर्चची झाडं हळदीसारखी पिवळी झाली होती. दशलक्षण पर्व तोंडावर आलं होतं, पण बस्ती नाही, शास्त्र वाचणारं कोणी नाही. घरात मी, अवघडलेली लेक आणि कामावरून दमून येणारे जावई.

स्वयंपाकघराच्या खिडकीत एक जुना रेडिओ होता. माझा जन्म निपाणीकडचा. सांगली आकाशवाणी ऐकत आम्ही बहिणी तंबाखूच्या वखारीतून जेवणाचा डबा पोचवून यायचो. ‘आपली आवड’मध्ये गावाचं नाव यावं म्हणून आक्कानं किती पोस्टकार्डं खर्ची घातली असतील! त्यामुळे रेडिओ दिसला की माझा हात आपोआप बटणाकडे जातो. बटण फिरवलं, तर एक गंभीर आवाज बायबल वाचत होता. मग भजनासारखं एक गाणं झालं, मग हवामान. मी म्हटलं, चला, ख्रिस्ती लोकांची आकाशवाणी दिसते.

लेकीनं सांगितलं, हे स्टेशन पलीकडच्या गावातलं आहे. गावाचं नाव नॉर्थ पोल. खरा उत्तर ध्रुव नव्हे हो, तो तिथून हजारो किलोमीटर दूर. फेअरबँक्सपासून वीस-बावीस किलोमीटरवरचं हे छोटं गाव. नावामुळे तिथं बारा महिने नाताळ, रस्त्यांना नावंसुद्धा सांताक्लॉजची. त्या गावात १९६७ साली डॉन आणि जेन नेल्सन या मिशनरी जोडप्यानं हे स्टेशन सुरू केलं. नाव केजेएनपी. अमेरिकेच्या पश्चिम भागातल्या स्टेशनांची नावं ‘के’नं सुरू होतात. यांनी त्याचा अर्थ लावला, ‘किंग जीझस, नॉर्थ पोल’. एके दिवशी जावयांनी गाडीतून नेऊन दाखवलं. मला वाटलं होतं मोठी इमारत असेल. पाहते तर ओंडक्यांची घरं, छपरावर गवत उगवलेलं! आपल्याकडच्या शेतातल्या खोपीची थोरली बहीण म्हणावी अशी. पण त्या खोपीची ताकद पन्नास हजार वॅटची.

एवढी ताकद कशाला, हे नकाशा पाहिल्याशिवाय कळत नाही. अलास्का महाराष्ट्राच्या साडेपाच पट मोठं आणि माणसं सारी मिळून सात-साडेसात लाख. बहुतेक आदिवासी गावांना रस्ताच नाही. उन्हाळ्यात होडी, हिवाळ्यात बर्फावरची गाडी, नाहीतर छोटं विमान. पश्चिमेला बेरिंग समुद्राकाठी नोम नावाचं गाव आहे, तिथंही बाहेरून एक रस्ता पोचत नाही. पण तिथं दोन ख्रिस्ती स्टेशनं आहेत. केआयसीवाय १९६० सालापासून आणि कॅथलिकांचं केएनओएम १९७१ पासून. केआयसीवाय तर रात्री समुद्रापलीकडच्या रशियासाठी रशियन भाषेतून बोलतं. जावयांनी समजावलं, की मीडियम वेव्हच्या लहरी दिवसा जमिनीलगत चालतात, रात्री मात्र वरच्या थरावर आपटून शेकडो मैलांवर उतरतात. लहानपणी रात्री रेडिओवर कुठली कुठली स्टेशनं खरखरत यायची, त्याचं कारण मला साठाव्या वर्षी अलास्कात कळलं.

माझ्या मनात गाठ बसली ती एका कार्यक्रमामुळे. रात्री निवेदक नुसत्या चिठ्ठ्या वाचायचा. अमक्या नदीकाठच्या तमक्याला निरोप, हवा बरी असली तर गुरुवारी विमान येईल. मुलीला ताप होता, उतरला. आम्ही सगळे ठीक आहोत. बस. ज्यांच्या खोपटापर्यंत फोन नाही, टपाल नाही, त्यांच्यासाठी घरच्यांनी दिलेले निरोप. मला आपला ‘सांगावा’ हा शब्द आठवला. बाजाराला जाणाऱ्याकडे आई सांगावा द्यायची, तसाच हा. फक्त नेणारा आकाशातून जाणारा.

कार्यक्रमाचं नाव ‘ट्रॅपलाइन चॅटर’. मी लेकीला अर्थ विचारला. ती जरा थांबली, मग म्हणाली, “आई, ट्रॅपलाइन म्हणजे जंगलात केसाळ जनावरं पकडायला मैलोन्‌मैल लावलेल्या सापळ्यांची रांग. ते सापळे लावणाऱ्या लोकांसाठी हा कार्यक्रम.” मी बटण बंद केलं. दशलक्षणाचे दिवस, आणि मी सापळेवाल्यांच्या गप्पा ऐकायच्या? सप्टेंबर म्हणजे तिकडे मूस नावाच्या मोठ्या हरणाच्या शिकारीचे दिवस. त्या निरोपांतले निम्मे शिकाऱ्यांसाठीच असणार. रात्रभर मला कसंतरी वाटत राहिलं.

सकाळी लेक म्हणाली, “तुला पटत नाही ते मला माहीत आहे. पण ज्याला निरोप जायचा तो काय करतो हे बघून निरोप अडवायचा का?”

तिला उत्तर दिलं नाही. सुचलंच नाही खरं तर.

शेजारी एक आजी राहायच्या, ऐंशी ओलांडलेल्या. बाळाच्या निमित्तानं येऊन बसायच्या. मी आळीव खलबत्त्यात घातले की कौतुकानं बघायच्या. त्या दर महिन्याला त्या स्टेशनला चेक पाठवतात असं लेकीनं सांगितलं. तिथं जाहिराती नाहीत. ऐकणारे जे पाठवतील त्यावर ते चालतं. मी विचारलं, “तुमचं देऊळ तेच का?” नाही म्हणाल्या. त्यांचं चर्च वेगळं, आणि तिथंही त्या कधीतरीच जायच्या. मग पैसे कशासाठी?

आजींनी सांगितलं ते असं. सत्तरच्या दशकात त्या नवऱ्याबरोबर नदीच्या वरच्या अंगाला एका खोपटात राहायच्या. एका हिवाळ्यातल्या रात्री रेडिओवर त्यांच्या नावानं निरोप आला, की तुझी आई गेली. चार शब्दांचा. त्या रात्री त्या आणि नवरा स्टोव्हपाशी बसून राहिले. दुसऱ्या दिवशी दुपारी पंधरा मैलांवरचा शेजारी बर्फातून आला. संध्याकाळी आणखी एक घर आलं. कोणी बोलावलं नव्हतं. “निरोप माझ्या नावाचा होता,” त्या म्हणाल्या, “पण ऐकला सगळ्या नदीनं.” तेव्हापासून त्या चेक पाठवतात.

आपल्यात चार दानं सांगितली आहेत. आहारदान, औषधदान, शास्त्रदान, अभयदान. लहानपणापासून पाठ आहेत. पण खरं सांगायचं तर आपण दान करतो ते बोली लावून, आणि पंख्याच्या पात्यावरसुद्धा नाव घालून. वारा येवो न येवो, नाव गरगर फिरायला हवं! मीही बस्तीत एक फरशी दिली आहे आणि दर्शनाला गेले की माझी नजर आधी माझ्या नावावर जाते. या आजींचं नाव कुठं कोरलेलं नव्हतं. कुठल्या तरी अनोळखी खोपटात एक शब्द पोचावा म्हणून पैसे. याला चारांतलं कुठलं दान म्हणायचं? जंगलात एकट्या पडलेल्या माणसाला ‘घरी सगळे ठीक आहेत’ हे कळणं, त्याची भीती जाणं, हे अभयाजवळच येतं असं मला वाटलं. सापळ्यांचं दुःख माझ्या मनातून गेलं नाही, आजही नाही. पण बटण मी पुन्हा लावलं.

एकदा मी जावयांना विचारलं, “या निरोपांना उत्तर कसं येतं?”

“येत नाही, मामी. ऐकलं असेल असं समजायचं.”

मैत्रिणींनो, हे वाक्य मला फार लागलं. का ते आता सांगते.

अण्णा गेले तेव्हा दादानं आम्हा दोघी बहिणींपुढे हक्कसोडपत्र ठेवलं. मी लगेच सही केली. माझं बेळगावात चाललं होतं छान, यांची नोकरी, स्वतःचं घर. आक्कानं सही केली नाही. भाऊजी आजारी, दोन मुलं शिकायची, उसाच्या बिलावर संसार. ती हळू आवाजात म्हणाली, “मला माझा हिस्सा हवाय.” आणि मी, धाकटी असून, सगळ्या भावकीसमोर म्हटलं, “पैशासाठी माहेर तोडायला निघालीस होय?” ती उठली. समोरचं पाणीही न पिता गेली. त्यानंतर सहा वर्षं आम्ही बोललो नव्हतो. लोक मला म्हणायचे, किती मोठ्या मनाची! मलाही तसंच वाटायचं. ज्या सहीनं माझं काहीच गेलं नव्हतं, तिचा मी मोठेपणा मिरवत होते.

अनंत चतुर्दशी झाली, क्षमावाणीचा दिवस आला. दर वर्षीप्रमाणे मी मोबाइल काढला. कमळाचं चित्र, खाली ‘जाणता-अजाणता चुकलं असेल तर उत्तम क्षमा’. ते दीडशे-पावणेदोनशे जणांना धाडलं. ज्यांचं मी काही वाकडं केलं नाही अशा सगळ्यांची क्षमा मागून झाली. धडाधड उत्तरं आली, हात जोडलेली चित्रं आली. आणि जिचं खरोखर चुकवलं होतं ती यादीत नव्हतीच. सहा वर्षं नव्हती. मी स्वतःला सांगत आले होते, की तिनं आधी बोलावं, निदान ती उत्तर देईल याची खात्री असावी.

त्या रात्री बाळ झोपल्यावर मी रेडिओ लावला. कुठल्याशा बाईनं कोणाला तरी कळवलं होतं, की छप्पर दुरुस्त झालंय, काळजी करू नको. तो माणूस ऐकत होता का, त्याच्या रेडिओत बॅटरी होती का, देव जाणे. बाईनं निरोप दिला होता आणि ती आपल्या कामाला लागली होती. मी लेकीच्या वहीतला कागद फाडला. चार ओळी लिहिल्या. ‘आक्का, त्या दिवशी मी सगळ्यांसमोर जे बोलले ते चूक होतं. तू हक्काचं मागत होतीस. मला क्षमा कर. उत्तर पाठवायला हवं असं नाही.’ सकाळी जावयांनी पत्र टपालात टाकलं.

बेळगावला परतल्यावर दुसरं काम उरलं होतं, ते जास्त अवघड. मी दादाला फोन करून सांगितलं, की आक्काचा हिस्सा तिला दे, भावकीसमोर मी तिच्या बाजूनं बोलेन. दादा बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, “तुला कोणी शिकवलं हे?” मी काय सांगणार, नॉर्थ पोलनं? त्या वर्षी भाऊबीजेला मला बोलावणं आलं नाही. माझ्या मोठ्या मनाचं कौतुक करणारी माणसंही जरा लांबूनच बोलू लागली.

आक्काचं उत्तर अजून आलेलं नाही. वहिनी एकदा बाजारात भेटली, तेव्हा तिच्याकडून एवढंच कळलं, की परदेशी तिकिटाचं पाकीट आक्काच्या घरी पोचलं होतं. मी दर महिन्याला एक पत्र लिहिते. नातीला दात आले, यंदा लोणचं बिघडलं, गुडघा दुखतो, असलंच काहीबाही. पोस्टमन आमच्या घरावरून पुढे गेला की क्षणभर वाईट वाटतं. मग मी उठून दूध तापवायला ठेवते. उद्या पहिली तारीख, या महिन्याचं पत्र लिहायचं आहे.