अम्मीची कात्री

गेल्या साली रजब महिन्यात अम्मीला घेऊन आम्ही उमराहला निघालो. कुरकुंभच्या चौकातून गाडी पुण्याच्या रस्त्याला लागली, तेव्हापासून अम्मीचे दोनच प्रश्न सुरू होते. विमानात वुझू कसा करायचा, आणि पोलिसांनी बुरखा उतरवायला सांगितला तर काय करायचे? पहिल्याचे उत्तर आमच्याकडे होते. दुसऱ्याचे देताना जीभ अडखळली.

आपल्या घरांत ही धास्ती असते, ती नाकारण्यात अर्थ नाही. दाढी, टोपी, पासपोर्टवरचे नाव. रांगेत उभे राहण्याआधीच आपण मनात खुलासे तयार ठेवतो. फार वर्षांपूर्वी एका शहरात, एका मोठ्या इमारतीच्या दारावर, पहारेकऱ्याने आमचे नाव वाचून पिशवी दोनदा उपसली होती. मागच्या माणसाची एकदाही नाही. तो सल मुंबईपर्यंत आमच्या सोबत आला.

सहारच्या टर्मिनल २ च्या दारावर जवानाने तिकीट पाहिले, पासपोर्टवरचा फोटो चेहऱ्याशी ताडून पाहिला आणि आत जायची खूण केली. बस, एवढेच. अम्मी हळूच म्हणाली, "झालं?" आम्ही म्हटले, "नाही अम्मी, अजून खरी तपासणी पुढे आहे."

विमानतळावर दिसेल त्या वर्दीला आपण पोलीस म्हणतो. पण दारावर ओळखपत्र पाहणारे आणि आत अंगझडती घेणारे जवान केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाचे, म्हणजे सीआयएसएफचे असतात. पासपोर्टवर शिक्का मारणारे इमिग्रेशनवाले वेगळे, परतताना सामानाबद्दल विचारणारे कस्टमवाले वेगळे. पिशवीत काय चालेल, काय नाही, हे नागरी विमान सुरक्षा ब्युरो ठरवतो. समोरचा जवान ते फक्त अमलात आणतो. त्यामुळे त्याच्याशी हुज्जत घालून नियम बदलत नाही.

'औद्योगिक' हा शब्द कुरकुंभच्या माणसाला लगेच कळावा. आमच्याकडे औद्योगिक वसाहतीत रसायनाला आग लागली की गावात पहिला प्रश्न असतो, पाळीवर कोण होते? या दलाची कथाही आगीपासूनच सुरू होते. १९६४ मध्ये रांचीच्या हेवी इंजिनिअरिंग कॉर्पोरेशनच्या कारखान्यात मोठी आग लागली. त्यानंतर सरकारी कारखान्यांसाठी स्वतंत्र दल हवे, असा विचार पुढे आला. १९६८ मध्ये कायदा झाला आणि १० मार्च १९६९ रोजी तीन हजारांच्या आसपास माणसांनिशी दल उभे राहिले. तेव्हा विमानतळ त्यांच्याकडे नव्हते. तिथे त्या त्या राज्याचे पोलीस पहारा देत.

बदल घडला तो एका रमजानमुळे, असे आमच्या घरात आम्ही म्हणतो. २४ डिसेंबर १९९९, जुम्मा. काठमांडूहून दिल्लीला येणारे इंडियन एअरलाइन्सचे आयसी ८१४ विमान पळवले गेले. आम्ही तेव्हा कॉलेजात होतो. इफ्तार उरकून सगळे टीव्हीपुढे बसलो ते तरावीहपर्यंत. नुकतेच लग्न झालेल्या एका प्रवाशाला मारले, हे कळल्यावर अब्बांनी टीव्ही बंद केला. दस्तरखानावर कोणी कोणाशी बोलेना. पुढच्या जुम्म्याला, ३१ तारखेला, कंदाहारहून प्रवासी सुटले; त्यांच्या बदल्यात तीन अतिरेकी सोडावे लागले. विमान पळवणाऱ्यांची नावे आपल्यासारखी होती. रोजा सोडतानाही त्याचे ओझे वाटत होते, ते आजही आठवते.

त्यानंतर सरकारने विमानतळांचा पहारा एका केंद्रीय दलाकडे द्यायचे ठरवले. ३ फेब्रुवारी २००० रोजी जयपूरपासून सुरुवात झाली. आज साठाहून अधिक विमानतळ सीआयएसएफकडे आहेत. आपल्या लोहगावची धावपट्टी हवाई दलाची, पण प्रवाशांची तपासणी तिथेही हेच करतात. बेवारस पिशवी दिसली तर श्वानपथक आणि बॉम्बशोधक पथक त्यांचेच, आणि कोपऱ्यात बंदूक घेऊन गप्प उभे असलेले शीघ्र कृती दलही त्यांचेच. आपल्याला मात्र दिसते ती फक्त रांग.

तर रांग. आमच्या एहरामच्या पट्ट्याला धातूचे बक्कल होते, ते वाजले. पट्टा काढून ट्रेमध्ये ठेवला आणि दोन्ही हातांनी लुंगी सावरत आम्ही उभे राहिलो. (जाणाऱ्यांनी चिकटपट्टीचा पट्टा घ्यावा.) अम्मी चौकटीतून गेली, तीही वाजली. गुडघ्यात धातूचा सांधा आहे. तिला पडद्याच्या खोलीत नेले. आत फक्त महिला जवान असते. बायकांची झडती पुरुषाने घ्यायची नाही, हा नियमच आहे. आम्ही बाहेर दुरूद पढत थांबलो.

आत काय झाले ते अम्मीनेच नंतर सांगितले. पोरगी विशीतली, सोलापूरकडची. "आजी, ऑपरेशन कुठल्या पायाचं? बसा आधी." बुरखा उतरवायला सांगितला नाही. वरून हात फिरवला, यंत्र फिरवले, गुडघ्याशी पुन्हा वाजले. "दुखतंय का अजून?" असे विचारले. अम्मी बाहेर आली तेव्हा चेहरा मोकळा झाला होता.

तेवढ्यात तिची हातातली पिशवी दुसऱ्या पट्ट्यावर सरकली. आत टॉवेलात गुंडाळलेली शिवणाची कात्री! उमराहनंतर बोटाच्या पेराएवढे केस कापायला तिने घरून घेतली होती, आम्हाला न सांगता. तीस वर्षे याच कात्रीने तिने गावातल्या मुलांचे गणवेश बेतले. आमच्या शिक्षणाच्या फिया त्यातूनच भरल्या गेल्या. मोठ्या बॅगा विमान कंपनीकडे गेल्या होत्या, पोहोचवायला आलेला भाचा कधीच परतला होता. आम्ही अजिजीने म्हटले, म्हाताऱ्या माणसाची आठवण आहे. पडद्याच्या खोलीतली तीच पोरगी तिथे आली. "आजी, तुमची सोडली तर सगळ्यांची सोडावी लागेल." कात्री पेटीत पडली. तिचा आवाज आम्हाला बराच वेळ ऐकू येत राहिला.

चूक आमचीच होती. मास्तर असून यादी नीट वाचली नाही. तरी राग आला, हे कबूल करतो. अम्मीला मात्र आला नाही. विमानात ती एवढेच म्हणाली, "नाव बघून नाही घेतली. कात्री बघून घेतली."

हे सगळे लिहायचे कारण आमची पुतणी. बारावी झाली आहे आणि तिला कॉन्स्टेबलची परीक्षा द्यायची आहे. सीआयएसएफ हवे, आणि विमानतळच हवा. २०२४ पासून ही परीक्षा इतर भाषांबरोबर मराठी आणि उर्दूतही देता येते, म्हणजे आमच्या दोन्ही विषयांचा उपयोग झाला. धाकट्या भावाला पटत नाही. रात्रपाळी, परमुलखात नेमणूक, वर्दीवर ओढणीचे काय, लग्नाचे काय? यातल्या प्रत्येक प्रश्नाचे उत्तर आमच्याकडे आहे असे नाही. ओढणीच्या प्रश्नावर तर आम्ही भाऊ-भाऊ दोन रात्री बोललो आणि जागचे हललो नाही.

अम्मीने ऐकून घेतले आणि भावाला विचारले, "त्या दिवशी पडद्याआड ती पोरगी नसती, तर मला कोणी तपासलं असतं?" तो काही बोलला नाही. होकार अजून दिलेला नाही, पण दौंडहून बूट आणून दिले.

मुलींना साडेआठ मिनिटांत सोळाशे मीटर धावायचे असते. दौंडला राज्य राखीव दलाची ठाणी असल्याने आमच्या भागात पहाटे धावणारी मुले नवी नाहीत, मुली कमी. फजरनंतर पुतणी धावते, अम्मी ओट्यावर बसून आमच्या मोबाइलवर वेळ धरते. काल नऊ मिनिटे दहा सेकंद लागले. अम्मीने ते वहीत उर्दूत लिहून ठेवले आहे. अजून चाळीस सेकंद कमी करायचे आहेत.