बिऱ्हाड सोळा जीबीचं

माझ्या किल्ल्यांच्या जुडग्यात घराची किल्ली, स्कूटरची किल्ली आणि सोळा जीबीचा एक पेनड्राइव्ह आहे. पोटापाण्याचं सगळं त्या पेनड्राइव्हमध्ये.

शाळांमधून आर्डुइनो शिकवत हिंडायचं म्हणजे परक्या संगणकावर बसायचं. तिथे काही इन्स्टॉल करायला गेलं की अ‍ॅडमिनचा पासवर्ड मागतात, आणि तो ठाऊक असलेले सर नेमके रजेवर. म्हणून इन्स्टॉलरच्या वाटेला न जाता मी आर्डुइनो आयडीईची, म्हणजे बोर्डावर प्रोग्राम चढवायच्या सॉफ्टवेअरची, झिप उतरवली, पेनड्राइव्हवर उलगडली आणि आत 'पोर्टेबल' नावाचं रिकामं फोल्डर केलं. नाव मात्र इंग्रजी, छोट्या लिपीत. एवढंच! एरवी डॉक्युमेंट्स आणि अ‍ॅपडेटात पांगणारा संसार, म्हणजे सेटिंग, स्केचेस, लायब्रऱ्या, नव्या बोर्डांची पॅकेजेस, सगळा त्या फोल्डरात मुकाट नांदतो. नव्या, दोन नंबरच्या आयडीईत ही सोय नाही. ती दिसायला देखणी आहे, पण मी आपला १.८.१९ धरून बसलोय.

कुरकुर आहेच. शेकडो बारीक फायली वाचताना स्वस्त पेनड्राइव्ह धापा टाकतो; पहिलं कंपाइल होईस्तोवर फळ्यावर सर्किट काढून होतं. खरी अडचण ड्रायव्हरची. तो विंडोजच्या पोटात जावा लागतो, पेनड्राइव्हवर राहत नाही. सीएच ३४० चिपचे स्वस्त बोर्ड घेऊन गेलो तेव्हा एका शाळेत पोर्टच दिसेना. आख्खी दुपार वायरिंग समजावण्यात काढली. तेव्हापासून पिशवीत दोन अस्सल आर्डुइनो ऊनो बोर्ड असतात; विंडोज १० त्यांना आपणहून ओळखतं.

परवा सातवीच्या वर्गात ऊनोवर दिवा लुकलुकवणारा 'ब्लिंक' प्रोग्राम चढवला. खालच्या काळ्या पट्टीत आलं, ९२४ बाइट, दोन टक्के. तेरा नंबरचा दिवा लुकलुकू लागला. आवरायचं म्हणून मी आयडीई बंद करून पेनड्राइव्ह काढला.

"सर, पेनड्राइव्ह काढला तरी चालूच?" पहिल्या बाकावरची मुलगी.

"प्रोग्राम आता बोर्डात गेलाय."

तिचा विश्वास बसला नाही. तिने संगणकातली केबल उपटली. दिवा विझला. माझ्याकडे विजयी मुद्रेने पाहिलं. मी काही न बोलता मोबाइलचा चार्जर पुढे केला. तिने केबल त्यात खोचली, भिंतीवरचं बटण दाबलं आणि बोर्डावर नाक टेकेल इतकी वाकली.

"एक सेकंद चालू, एक सेकंद बंद," ती मोजत राहिली.