पानात बांधलेला घास

दक्षिण कोरियाच्या आग्नेय किनाऱ्यावर उल्सान हे शहर वसले आहे. १९६२ साली तेथे औद्योगिक केंद्र उभारण्याचे शासनाने ठरविले आणि पुढे मोटारींचे व जहाजांचे अवाढव्य कारखाने उभे राहिले. भाच्याच्या नोकरीच्या निमित्ताने या शहरी पंधरा दिवस राहण्याचा योग आला. कारखाने पाहिले ते विसरेन. पण तेथील एका घरातील जेवण विसरणार नाही.

उल्सानच्या पश्चिमेस ओन्यांग नावाचे गाव आहे. तेथील ‘बुल्गोगी’ देशभर नावाजलेली. ‘बुल’ म्हणजे विस्तव, ‘गोगी’ म्हणजे मांस. जुन्या चोसन राजवटीत बैल हा शेतीचा आधार. म्हणून गुरांच्या कत्तलीवर वारंवार बंदी येत असे. साहजिकच गोमांस हे तेथे मानाचे, क्वचित मिळणारे अन्न ठरले. थोडक्या मांसाला पाला आणि भात यांची भरपूर जोड द्यावयाची, ही रीत तेथील जेवणात आजही दिसते.

भाच्याच्या शेजारी सत्तरी ओलांडलेल्या एक बाई राहतात. सारे त्यांना ‘हालमोनी’, म्हणजे आजी, म्हणतात. एका रविवारी त्यांनी आम्हांस जेवावयास बोलाविले. अर्धा किलो मांसाचे कागदासारखे पातळ काप त्यांनी आधीच आणून ठेविले होते. चार मोठे चमचे सोया सॉस, दोन चमचे साखर, चमचाभर तिळाचे तेल, ठेचलेला लसूण, कांद्याची पात, मिरपूड आणि किसलेले नासपती हे सारे कालवून त्यात मांस तासभर मुरवावयाचे. नासपतीच्या रसाने मांस मऊ पडते.

आमच्या घरी गोमांस वर्ज्य. भाच्याने संकोचत ते आजींच्या कानी घातले. त्यांच्या मुद्रेवर किंचितही नाराजी उमटली नाही. त्यांनी मसाल्याचा अर्धा भाग निराळ्या भांड्यात काढला, त्यात अळंबी व टोफूचे काप घातले आणि दुसरा तवा मांडला. त्यांच्या देशातील बौद्ध मठांत निर्मांस अन्नाची मोठी परंपरा आहे. त्यामुळे वर्ज्य म्हणजे काय, हे त्यांना समजावून सांगावे लागले नाही.

मेजावर टोपलीभर पाने होती. एक लेट्यूसचे, दुसरे ‘क्केन्निप’. याचा शब्दार्थ तिळाचे पान, पण झाड तुळशीच्या कुळातले. तळहातावर पान पसरावे, त्यावर थोडा भात, तव्यावरचा एक काप, लसणाची पाकळी आणि सोयाबीन व मिरचीच्या आंबविलेल्या वाटणांची ‘स्सामजांग’ ही चटणी ठेवावी. मग पुरचुंडी बांधून ती एकाच घासात खावी. तिचे नाव ‘स्साम’, म्हणजे गुंडाळलेले. अर्धी चावून खाली ठेवणे तेथे शोभत नाही.

घरातील ज्येष्ठाने चमचा उचलल्याखेरीज तेथे कोणी जेवावयास आरंभ करीत नाही. आजींनी चमचा उचलला, तो पुन्हा खाली ठेविला, अळंबीची एक पुरचुंडी बांधली आणि माझ्या तोंडापुढे धरली. माणसाला आपल्या हाताने स्साम भरविणे ही तेथे मायेची खूण मानतात. लग्नात उखाणा घेऊन घास भरविणाऱ्या आपल्या लोकांना हे निराळे सांगावयास नको.

त्या देशात आता एकट्याने जेवण्यास ‘होनबाप’ असा शब्दच रूढ झाला आहे. २०२३ साली तेथील एक तृतीयांशाहून अधिक घरे एकट्या माणसाची होती. आजींचे घरही त्यांपैकीच. एकट्याने स्साम खाता येतो. भरविण्यास मात्र समोर कोणी असावे लागते. भाचा आता दर रविवारी त्यांच्याकडे जेवतो.

हा बेत आपल्या घरी सहज जमेल. कोवळी लेट्यूसची पाने, अळंबी वा पनीर, सोया सॉस, तीळतेल आणि नासपती एवढे पुरे. तवा मध्यभागी मांडावा आणि पहिली पुरचुंडी दुसऱ्यासाठी बांधावी.