सिंधुदुर्गाच्या पाण्याखाली

पैनगंगेच्या काठच्या आम्हां आदिलाबादकरांस पाणी ही काठावरून पाहावयाची वस्तू. कुंटाल्याचा धबधबाही आम्ही दुरूनच वंदितो. त्यामुळे पन्नाशी उलटल्यावर मालवणच्या समुद्रात बुडी घेण्याचा बेत मी सांगताच घरी प्रथम चर्चा झाली ती विम्याची!

होडी सिंधुदुर्गाजवळ थांबते. १६६४ साली शिवछत्रपतींनी पायाभरणी केलेला हा जलदुर्ग. पोहता न येणाऱ्यासही येथे पाणबुड्या वाटाड्या हाताशी धरून खाली नेतो. मात्र दमा वा हृदयविकार असल्यास आधीच सांगावे. पाठीवरच्या नळकांड्यात निव्वळ प्राणवायू नसतो, दाबून भरलेली साधी हवाच असते. नाक मुखवट्यात बंद, श्वास तोंडाने. तो रोखून धरावयाचा नाही, हा पहिला नियम. वर येताना पाण्याचा दाब उतरतो, कोंडलेली हवा फुगते आणि फुप्फुसास इजा होते. कानांत दडे बसू लागताच नाक चिमटून हलकेच फुंकावे. अंगठा वर केला की त्याचा अर्थ ‘छान’ नव्हे, ‘वर चला’.

तीस वर्षे वर्गात बोलत आलेल्या माझे बोलणेच तेथे खुंटले. विशीतला तो मालवणी तरुण माझ्या डोळ्यांत पाहून बोटांचे वर्तुळ करी, ‘ठीक ना?’ मीही तसेच उत्तर देई. हळूहळू छातीतली धडधड ओसरली. मगच खडकांवरची प्रवाळे आणि पट्ट्यापट्ट्यांचे मासे दिसू लागले. पावसाळ्यात हे सारे बंद असते. आपल्याकडील मंडळींनी हिवाळ्यात जावे.